चिमणा हे नाव ठेवण्याआधी

चि. मुलीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझा निरोप आणि घंगाळ्याचा फोटो, दोन्ही मिळाले. पणजीचं नाव लेकीला द्यायचं तू ठरवलंस, ते योग्य की अयोग्य यावर मी बोलणार नाही. योग्यच आहे, आणि ते तुलाही ठाऊक आहे. पण खाली तू जो गोंधळ लिहिलास तो वाचून राहवलं नाही. एका यादीत 'चिमणा' म्हणजे फुलबाग, दुसरीत सोनं. आत्याबाई म्हणतात नाव चिमाबाई होतं. सासूबाईंना काळजी की शाळेत चिमणी म्हणून चिडवतील. आणि तू विचारतेस, बारशाच्या पत्रिकेवर यातला कुठला अर्थ छापू? अगं, अर्थाची घाई कसली? आधी कागद, मग कोश. हे मी या पत्रात पुन्हा पुन्हा म्हणणार आहे, कंटाळू नकोस.

कागद म्हणजे नाव जिथे कुणीतरी त्या काळी लिहिलं ती जागा. वही, खत, शाळेचं रजिस्टर, नाहीतर तुझं हे घंगाळ. त्यावर नाव अक्षर न अक्षर कसं आहे हे ठरल्याशिवाय अर्थ बघायचा तरी कशाचा?

घंगाळ्यापासूनच सुरू करू. काठाखाली ठिपक्याठिपक्यांनी ठोकलेलं नाव तू 'चिमणाबाई' असं वाचलंस. फोटो मोठा करून बघ. 'चि' आणि पुढचा 'म' यांच्यामध्ये नखाएवढी जागा सुटली आहे आणि नेमका तिथेच पोचा आहे. त्या पोच्यात एक टिंब बुडालेलं असू शकतं. टिंब असेल तर ते 'चि. मणाबाई' किंवा 'चि. मनाबाई' होईल, म्हणजे चिरंजीव मना. लग्नातल्या भांड्यांवर चि. आणि चि. सौ. कां. सर्रास घालत, या पत्राच्या डोक्यावरही तोच चि. आहे. एका टिंबाने अख्खं नाव बदलतं, आणि तू अर्थ छापायला निघालीस!

तेव्हा असं कर. घंगाळ चिंचेने घासू नकोस. घासून घासूनच ही अक्षरं बुजतात. कोरड्या मऊ फडक्याने पुसून घे. त्यावर चिमूटभर तांदळाची पिठी टाकून बोटाने फिरव आणि वरची झटकून टाक. खळग्यांत पिठी राहते आणि टिंबं उठून दिसतात. खोलीतला दिवा मालव आणि बॅटरी डाव्या बाजूने, जवळजवळ पत्र्याला टेकवून आडवी धर. मग तीच उजवीकडून धर. दोन्ही वेळा फोटो काढ. समोरून फ्लॅश मारलास तर पितळ चमकेल आणि हाती काही लागणार नाही. शेवटी पिठी नीट पुसून पातळ कागद घट्ट धर आणि शिसपेन्सिल आडवी करून हलक्या हाताने घास, ठसा उमटेल. ठशात दोन गोष्टी मोज. 'चि'च्या पुढे खालच्या अंगाला सुटं टिंब आहे का? आणि 'म'नंतरचं अक्षर 'ण' आहे की 'न'? 'ण'ला दोन उभ्या रेघा असतात, 'न'ला एक. ठोकणाऱ्याची छिन्नी घसरली तरी रेघांची संख्या सहसा चुकत नाही.

घरात जुनं बाड निघालं आणि ते मोडीत असलं, तर आणखी सांभाळून. मोडीत शिरोरेघ आधी ओढतात आणि अक्षरं तिच्याखाली सलग लिहीत जातात, शब्द तुटत नाहीत. वेलांटी बहुधा दीर्घच असते, म्हणून 'चीमणा' दिसलं तर ते वेगळं नाव समजू नकोस. चिरंजीवचा संक्षेप तिथे 'चि॥' असा दोन दंड देऊन करतात. ते दंड बोरूच्या ओघात पुढच्या अक्षराला चिकटले की वाचणारा फसतो. नावापुढे 'कोम' आलं तर त्यामागचं नाव बायकोचं आणि पुढचं नवऱ्याचं. 'भ्रतार' किंवा 'मर्द' असेल तरी तसंच. 'बिन' आलं तर पुढचं नाव बापाचं. एवढं कळलं तरी कागदातली बाई कुणाची कोण हे लागतं.

आता मुख्य प्रश्न, जो तू विचारलाच नाहीस. चिमणा हे पणजीचं माहेरचं नाव की सासरचं? लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने नवं नाव लिहिलं की जुनं नाव त्या घरापुरतं संपायचं. तू रोज बडोद्यात रावपुऱ्यातल्या ज्या टॉवरखालून जातेस, तो 1896 चा चिमणाबाईंच्या नावाचा टॉवर. त्या चिमणाबाई जन्माने तंजावरच्या मोहित्यांच्या लक्ष्मीबाई. 1880 मध्ये सयाजीराव महाराजांशी लग्न झालं आणि त्या चिमणाबाई झाल्या. 1885 मध्ये त्या गेल्या. त्याच वर्षाच्या अखेरीला देवासच्या घाटग्यांच्या गजराबाई लग्न होऊन बडोद्याला आल्या आणि त्यांनाही चिमणाबाई हेच नाव मिळालं. म्हणजे बडोद्याच्या दोन्ही चिमणाबाईंपैकी पाळण्यात कुणाचंच नाव चिमणा नव्हतं. तुझ्या पणजीच्या बाबतीतही असंच असेल तर पाळण्यातलं नाव अजून कुठेतरी पडून आहे, आणि ते कळल्यावर कदाचित तुला दोन नावांतून निवडावं लागेल. म्हणून म्हणते, आधी कागद.

कुठे शोधायचं? पणजी बडोदे संस्थानात वाढली असेल तर आधी शाळा. संस्थानात सक्तीचं प्राथमिक शिक्षण 1893 मध्ये अमरेली तालुक्यात सुरू झालं आणि 1906 पासून संस्थानभर लागू झालं, मुलींनाही. त्या पिढीतल्या इतर ठिकाणच्या बायकांची नावं शाळेत सापडणं कठीण. आपल्याकडच्यांची सापडू शकतात, आणि तीही लग्नाआधीची, बापाच्या नावासकट. गाव आणि अंदाजे जन्मसाल घेऊन जा आणि जुनं जनरल रजिस्टर मागा. मुख्याध्यापक कंटाळा करतील. तू करू नकोस. त्यानंतर मालमत्तेची कागदं. पणजोबा गेल्यावर वारसाई झाली असेल तर नोंदीत 'बाई अमुक ते तमुकनी विधवा' असं गुजरातीत मिळेल, आणि तलाट्याकडच्या पेढीनाम्यातही, म्हणजे वंशावळीच्या दाखल्यात. हे सासरचं नाव. तिसरी जागा नाशिक-त्र्यंबकच्या तीर्थोपाध्यायांची. यात्रेला गेलेलं कुटुंब त्यांच्या वहीत बायकामुलांसह लिहिलं जाई. मात्र तिथे नुसतं आडनाव सांगून भागत नाही. मूळ गाव लागतं, बडोद्याला येण्याच्या आधीचं. ते ठाऊक नसेल तर कुलदेवतेचं ठिकाण सांगून विचार.

प्रत्येक ठिकाणी तीनच गोष्टी टिपून घे: नाव जसंच्या तसं, कागदाचं साल, आणि लिहिणारा मराठी होता की गुजराती. ही तिसरी गोष्ट लोक सोडतात आणि मग ण-नवरून भांडत बसतात. गुजराती लेखणीतून 'चीमनाबाई'ही येतं. म्हणून मूळ नावात 'न' होता असं ठरत नाही. आत्याबाईंचं 'चिमाबाई' मात्र खोडून टाकू नकोस. चिमणाजी अप्पांनाच चिमाजी अप्पा म्हणतात. मधला ण हाक मारताना गळतो. त्यामुळे दोन्ही रूपं एकाच बाईची असू शकतात, आणि ती रूपं दोन वेगळ्या कागदांत मिळाली तर तुझं नाव पक्कं झालं समज.

वंशावळींत मुलग्यांची नावं चार-चार पिढ्या मागे मिळतात आणि मुलींच्या जागी नुसतं 'कन्या 2' लिहिलेलं असतं. ज्यांना विचारायचं त्या म्हाताऱ्या माणसांना आमच्या पिढीने वेळेवर विचारलं नाही, ही सल जाणार नाही. म्हणूनच मी हेका धरते. कुणी नावाचा अर्थ विचारला की मी उलट कागद मागते, आणि लोकांना ते रुसल्यासारखं वाटतं. वाटो. ज्या बाईचं नाव दोन-तीन ठिकाणीच उरलंय, तिच्यावर परका अर्थ चिकटवला की ती उरलेलीही पुसली जाते.

नाव चिमणा असल्याचं ठरलं की मग कोश काढ. मोल्सवर्थची 1857 ची आवृत्ती, दाते-कर्वे यांचा 1932 ते 1938 मध्ये निघालेला महाराष्ट्र शब्दकोश आणि कृ. पां. कुलकर्णींचा 1946 चा व्युत्पत्तिकोश, हे तीन पुरेत. चिमणा हे विशेषण आहे. चिमणा म्हणजे लहान, इवला, आणि त्यात लाड आहे. चिमुकला, चिमुरडी, चिमखडे बोल, सगळी त्याच घरची भावंडं. नुसत्या आकाराने लहान अशा दगडाला कुणी चिमणा म्हणत नाही. बाळाच्या हाताला म्हणतात. हाच तुझ्या पणजीच्या नावाचा अर्थ. फुलबाग आली ती फारसी 'चमन'वरून. त्याचा या 'ण'शी संबंध नाही. सोनं आलं ते कानडी 'चिन्न'वरून. तेलुगूत 'चिन्न' म्हणजे लहान, मग तिकडून का नाही? कानडीत लहानला 'चिक्क', तेही का नको? आवाज जुळला म्हणून मूळ जुळत नाही. आणि संस्कृतात काय आहे हे तर विचारूच नकोस. देशी शब्दाला संस्कृताचा दाखला कशाला हवा?

हे नाव एकटंही नाही, हे नीट बघ. तान्हा या शब्दावरून तान्हाजी झाला आणि तानूबाई झाली. धाकटेपणावरून धाकूजी आणि धाकूबाई. तसंच चिमणावरून चिमणाजी आणि चिमणाबाई. मुळात शब्द लाडाचा, बाळाला लावलेला. पुरुष की बाई हे पुढचं जी, राव, बाई सांगायचं. म्हणून 'चिमणा पुल्लिंगी वाटतं' ही तुझी शंका मी बाजूला ठेवते. सगुणा, गुणवंता, पुतळा, बायजा ही सगळी आकारान्त नावं बायकांचीच. आजकाल 'बाई' गळतं, त्यामुळे नुसतं चिमणा ऐकल्यावर चिमणीचा नर आठवतो, एवढं खरं. ते टाळायचं असेल तर कागदावर 'चिमणाबाई' ठेव आणि हाकेला चिमणा. मला विचारशील तर नुसतं चिमणाच ठेव.

मोठेपणी शोभेल का, हे सासूबाईंना सांगायचं तर दोन गोष्टी सांग. 1739 मध्ये पोर्तुगीजांकडून वसई घेणाऱ्या सेनापतीचं नाव चिमणाजी. आणि 1927 मध्ये पुण्यात अखिल भारतीय महिला परिषदेचं पहिलं अधिवेशन भरलं तेव्हा अध्यक्षपदी बडोद्याच्या दुसऱ्या चिमणाबाईच होत्या. चिडवण्याचं म्हणशील, तर बडोद्यातल्या शाळेत ते निम्मं कमी होईल, कारण गुजरातीत चिमणीला चकली म्हणतात. शिवाय गुजरातीत 'ण' शाबूत आहे, त्यामुळे तो नीट लिहवून घेतलास तर नाव बिघडणार नाही. बिघडलं तर इंग्रजी अक्षरांत बिघडेल. 'एम'नंतर 'ए' घातलंस तर कुणी 'चिमाना' वाचेल, न घातलंस तर 'चिम्ना'. आपण मधला 'म' तसाही तोडूनच म्हणतो, चिम्-णा. तेव्हा 'ए' घालू नकोस. मात्र जन्मदाखला, आधार आणि पुढे पासपोर्ट, सगळीकडे एकच स्पेलिंग राहू दे. देवनागरीत पहिली वेलांटी ऱ्हस्व. गुरुजी चरणाक्षर बघून 'ची' म्हणजे रेवतीचा चौथा चरण सांगतील. लेकीचं नक्षत्र वेगळं असलं तर कानात सांगायचं नाव वेगळं ठेवा. पूर्वीही तसंच करत.

पत्रिकेवर अर्थ छापूच नकोस. छापायचंच असेल तर 'पणजीचं नाव' एवढं छाप; तेही ठसा आणि निदान एक कागद हातात आल्यावर.

तोवर एक काम वेळेत कर. जन्माची नोंद 21 दिवसांच्या आत झालीच पाहिजे, पण तिच्यात नाव असलंच पाहिजे असं नाही. नावाची जागा कोरी ठेवून नोंद करता येते आणि नोंदीपासून 12 महिन्यांपर्यंत नाव फुकट घालता येतं. नंतर विलंब शुल्क पडतं. म्हणजे शाळेच्या रजिस्टरासाठी, तलाट्याकडच्या फेऱ्यांसाठी आणि त्र्यंबकच्या एका वारीसाठी पुरेसा वेळ आहे. ठसा काढलास की मूळ कागदच पाठव, फोटो नको. घडी अक्षरांवर पडू देऊ नकोस.

तुझी,
काकू