बाळाच्या किडनीत पाणी आणि आईच्या ग्लासांचा हिशोब

"मॅडम, मी पाणी कमी प्यायले म्हणून बाळाच्या किडनीला सूज आली का?" हा प्रश्न मला सारखा येतो, कधी उलटाही येतो, जास्त प्यायले म्हणून का. त्यावरून एक केस सांगते.

पहिलटकरीण, २१ आठवडे, पाचव्या महिन्याची सोनोग्राफी झालेली. सोबत नवरा आणि सासूबाई. फाईल हातात घेतली तर मागच्या कव्हरवर पेनाने रेघा, चार उभ्या एक आडवी, असे गठ्ठेच गठ्ठे. म्हटलं हे काय गं? तर रोज किती ग्लास पाणी प्यायली त्याचा हिशोब. आदल्या दिवशीचे २२! पोट डब्ब, जेवण जात नाही, रात्री चारदा उठायचं. सासूबाईंचं म्हणणं ही पाणीच पीत नाही म्हणून झालं, आणि शेजारच्या काकू सांगून गेलेल्या की पाणी बंद कर, बाळाच्या किडनीत आधीच साचलंय. बिचारी दोघींच्या मध्ये.

रिपोर्टमध्ये होतं एवढंच की डाव्या किडनीचं पेल्व्हिस ६ मिमी. पेल्व्हिस म्हणजे किडनीतली लघवी जिथे गोळा होऊन खाली उतरते ती नरसाळ्यासारखी जागा. २८ आठवड्यांच्या आधी ती ४ मिमीच्या आत आणि नंतर ७ च्या आत असली तर नॉर्मल धरतात. आपण सूज म्हणतो ना तिथेच घोळ होतो, ऐकणाऱ्याला वाटतं आत पू झालाय, बाळाला दुखतंय. तसं काही नसतं, लघवी जरा रेंगाळते म्हणून जागा फुगते. शंभरात एक-दोन बाळांत तरी दिसतं आणि थोडंसं असेल तर बहुतेकांचं आपोआप जातं. आईच्या पिण्या-न पिण्याने हे होत नाही.

आणि पिशवीतलं पाणी म्हणजे या दिवसांत मुख्यतः बाळाचीच लघवी, ते गिळतं आणि परत करतं. तुझं पाणी छान आहे म्हणजे बाळाला लघवी होतेय, असं मी सांगितलं तर सासूबाईंनी तोंडाला पदर लावला, "अगं बाई, म्हणजे ते मूत पितंय?" पोरगी त्या दिवशी पहिल्यांदा हसली.

नवऱ्याने गूगल करून ठेवलेलं. लघवीच्या वाटेतल्या व्हॉल्व्हचा त्रास, म्हणजे वाटेत पडदा येऊन लघवी अडते तो, मुलग्यांनाच होतो, मग मुलगा आहे का तेवढं सांगा. म्हटलं ते कायद्याने कोणी सांगणार नाही आणि त्याची गरजही नाही. दोन्ही किडन्या फुगल्या, मूत्राशय मोठं दिसलं, पाणी घटलं तर डॉक्टर तसेही लगेच धावपळ करतात. इथे एकच बाजू होती.

३२ आठवड्यांना १० मिमी झालं, पाणी व्यवस्थित. डिलिव्हरी नीट झाली आणि खरी गडबड पुढेच. जिथे डिलिव्हरी झाली तिथे पहिल्याच दिवशी बाळाची सोनोग्राफी केली, रिपोर्ट नॉर्मल, घरात पेढे. मला फोन आला की गेली सूज! मी आनंदावर विरजणच टाकलं म्हणा. पहिले दोन दिवस बाळाला लघवी कमी होते, त्यामुळे फुगलेली जागा चपटी दिसते, फसायला होतं. म्हणून साधी केस असेल तर ४८ तासांनंतर बघायचं आणि चार ते सहा आठवड्यांनी परत. बाळ तर चांगलं दूध पितंय, कशाला उगाच, असं घरात चाललेलं. शेवटी सासूबाईच बाळाला घेऊन आल्या.

पाचव्या आठवड्याला १२ मिमी निघाली. मग डीटीपीए स्कॅन केला, कुठली किडनी किती काम करते ते दाखवणारा, डाव्या किडनीचं काम ४७ टक्के, म्हणजे जवळपास अर्धा वाटा ती उचलतेय. काम ४० च्या खाली गेलं किंवा प्रत्येक वेळी घसरत गेलं तर ऑपरेशनचा विचार होतो, सर्जननी इथे नुसतं लक्ष ठेवायचं ठरवलं. घरी एकच सांगून ठेवलं, ताप आला आणि कारण दिसत नसेल तर नुसतं औषध पाजून बसायचं नाही, त्याच दिवशी डॉक्टरकडे, लघवीची तपासणी.

एकदा रात्री दहाला तिचा फोन, बाळाला ताप १०१. तपासली लघवी, स्वच्छ, साधी सर्दी निघाली. फोनवर सॉरी सॉरी म्हणत होती. मी म्हटलं सॉरी कशाला, असे दहा फोन कर. वर्षाच्या सोनोग्राफीत ८ मिमी होती, पुढची सहा महिन्यांनी आहे.