पंधरा तारखेच्या आत

“मॅडम, आमच्याकडे महिन्यातून दोनदा परीक्षा असते,” ती म्हणाली. “एक पंधरा तारखेला, दुसरी महिनाअखेरीला. विषय कोणता ते मला कळत नाही, पण घरात आवाज करायचा नसतो एवढं कळतं.”

तिचा नवरा शेजारच्या खुर्चीत बसून बूट न्याहाळत होता. वय बत्तीस-तेहतीस, आयटीत चांगल्या हुद्द्यावर. लग्नाला चार वर्षं झालेली. नावं देत नाही, ओळख पटेल असे तपशीलही बदललेत. मी समुपदेशक आहे, दोघांना विचारूनच लिहिते आहे.

निमित्त घडलं होतं तिच्या धाकट्या बहिणीच्या साखरपुड्याचं. कऱ्हाडला कार्यक्रम, शनिवारी. शुक्रवारी रात्री यानं सांगितलं की ऑफिसात रिलीज (नवं सॉफ्टवेअर बाहेर पाडणं) आहे, मला निघता येणार नाही. ती एकटी गेली. दिवसभर प्रत्येक जण विचारत होता, मोठे जावई कुठे आहेत? ती प्रत्येकाला रिलीज समजावून सांगत होती. दुपारी तिच्या भावानं तिला बाजूला घेतलं आणि आपला फोन दाखवला. दोघे मेहुणे एक्सबॉक्सवर, म्हणजे टीव्हीला जोडायच्या गेमच्या यंत्रावर, एकमेकांच्या मित्रयादीत होते. “ताई, दाजी ऑनलाइन आहेत. सकाळपासून एकच गेम चालू आहे.”

त्या गेमचे चौदा तास उरले होते आणि रविवारी रात्री तो सेवेतून जाणार होता.

ज्यांच्या घरी हा प्रकार नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. मलाही ते त्याच्याकडूनच शिकावं लागलं. गेम पास नावाची एक सेवा आहे, मायक्रोसॉफ्टची, 2017 पासूनची. दरमहा वर्गणी भरायची आणि शेकडो गेममधून हवा तो खेळायचा. वाचनालयासारखंच. यातले बरेच गेम दुसऱ्या कंपन्यांचे असतात आणि ठरावीक मुदतीच्या करारावर आलेले असतात. करार संपला की गेम यादीतून जातो. साधारण महिन्याच्या मध्याला आणि अखेरीला ही गळती होते आणि दोनेक आठवडे आधी ‘लवकरच जाणार’ असा एक वेगळा कप्पा पडद्यावर दिसू लागतो. प्लेस्टेशनच्या सेवेतही ‘शेवटची संधी’ असा कप्पा असतो. याचं सगळं आयुष्य त्या कप्प्यात अडकलं होतं. न जाणारे गेम तो उघडतच नसे. “ते काय, आहेतच की,” असं म्हणायचा.

तिचा पहिला प्रश्न तोच होता जो माझ्याकडे येणाऱ्या निम्म्या आया विचारतात: हे व्यसन आहे का?

शब्द जपून वापरावा असं माझं मत आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजार-वर्गीकरणात, आयसीडी-11 मध्ये, गेमिंग डिसऑर्डर आहे; ते वर्गीकरण 2022 पासून लागू झालं. पण त्यात तास मोजलेले नाहीत. खेळण्यावरचा ताबा सुटलाय का, बाकी सगळ्या गोष्टी त्याच्यामागे पडल्यात का, नुकसान दिसत असूनही खेळ चालूच राहतो का आणि हे साधारण वर्षभर चालून नोकरी, घर, शिक्षण यांचं खरोखर वाटोळं होतंय का, हे तिथे पाहतात. हा माणूस सोळा तारखेपासून आठ-दहा दिवस कंट्रोलरला हातही लावत नसे. ऑफिसचं काम चोख. चिडचिड व्हायची ती फक्त तारीख जवळ आली की. मी तिला म्हटलं, व्यसनाची पाटी आत्ता लावू नका. पण काहीच नाही असंही म्हणणार नाही. मोठा जावई साखरपुड्याला नव्हता, हे काही छोटं नाही.

आता माझी चूक सांगते. पहिल्या भेटीअखेर मी नेहमीचा गृहपाठ दिला: रोज किती वेळ खेळलास, त्याआधी मनात काय होतं, ते लिहून आण. पुढच्या भेटीला तो एक्सेलची शीट घेऊन आला. रंगीत. प्रत्येक गेमचे एकूण तास, झालेले, उरलेले, जाण्याची तारीख, रोज किती खेळावं लागेल त्याचा भागाकार. ‘आधी मनात काय होतं’ या रकान्यात सगळीकडे एकच शब्द होता: ‘पेंडिंग’. मी त्याला आणखी एक यादी पुरी करायला दिली होती आणि त्यानं ती वेळेत पुरी केली होती. शाबासकीच्या अपेक्षेनं माझ्याकडे पाहतही होता.

ती शीट मी बाजूला ठेवली आणि विचारलं, यातला सगळ्यात आवडलेला गेम कोणता?

बराच वेळ गेला. मग म्हणाला, “रेड डेड रिडेम्प्शन 2.” हा घोड्यावरून फिरायचा काउबॉयचा गेम मे 2020 मध्ये गेम पासवर आला आणि सप्टेंबरमध्ये गेला, मोजून चार महिने. मुख्य कथाच पन्नासेक तासांची, इकडेतिकडे रमलात तर दुपटीच्या वर. लॉकडाऊन असूनही यानं तो शेवटच्या आठवड्यात धरला, कारण त्याआधी दुसरे जाणारे गेम होते. संवाद आले की बटण दाबून पुढे, घोडा कायम भरधाव.

“शेवट पाहून कसं वाटलं?”

“दोन दिवस हातात उरले, त्याचं बरं वाटलं.”

हे बोलून झाल्यावर तो स्वतःच हसला, मग गप्प झाला. मला वाटतं आमचं काम तिथे सुरू झालं.

तिसऱ्या भेटीत लहानपण निघालं. गाव सांगलीकडचं. चौकात एक व्हिडिओ गेमचं दुकान, अर्ध्या तासाला दहा रुपये. मालक घड्याळाचा पक्का. वेळ भरली की मागून टीव्हीचं बटण बंद, मग तुम्ही शेवटच्या शत्रूसमोर उभे असा नाहीतर कुठेही. आठवड्याला दहाच रुपये मिळायचे. घरी जेवताना वडिलांचा दंडक होता की पानात वाढलेलं टाकायचं नाही. आमटी आवडो न आवडो. या दोन्ही गोष्टी त्यानं तक्रार म्हणून सांगितल्या नाहीत, आणि तक्रार करण्यासारखं त्यात काही नाहीच. आपल्यातले बहुतेक जण असेच वाढलो. फक्त त्याच्या पानात आता शेकडो पदार्थ वाढलेले होते आणि मागून कोणीतरी टीव्ही बंद करणार हेही पक्कं होतं.

अमर्याद थाळीच्या हॉटेलात पाहा. पैसे दिलेत म्हणून तिसरी जिलबी घेणारा माणूस जिलबीसाठी ती घेत नाही. ‘पैसे वसूल’ हा आपला लाडका शब्द आहे. मध्यंतरी एक बाई मुलाच्या खेळण्याची तक्रार घेऊन आल्या होत्या. बोलता बोलता कळलं की वर्षाची वर्गणी एकदम भरल्यावर “आता नीट वापर, पैसे फुकट घालवू नकोस” असं त्यांनीच त्याला बजावलं होतं!

मी त्याला माझ्या आईची गोष्ट सांगितली. (समुपदेशकानं स्वतःच्या घरचं फार सांगू नये म्हणतात. मी सांगते.) डोंबिवलीला आमच्या वाचनालयात दिवाळी अंकांची योजना असायची, एकदाच वर्गणी भरायची आणि पुढचे काही महिने हवे तेवढे अंक बदलून न्यायचे. शेजारच्या काकू मुदत संपत आली की हिशेब मांडायच्या, यंदा बासष्ट झाले, गेल्या वर्षी सत्तर होते. आई अंक आणायची, चुलीवर दूध ठेवून दोन पानं वाचायची आणि संध्याकाळी मला पिटाळायची, “परत कर. नाही जमला. दुसरा आण.” काही अंकांतली एकच कथा वाचायची, पण ती तीनदा. वर्गणी दोघींची सारखीच होती.

“मग तुमच्या आईचे पैसे वसूल झाले का?” त्यानं अगदी मनापासून विचारलं.

“तू सांग.”

तो काही बोलला नाही.

त्याला आकडे आणि प्रयोग आवडतात म्हणून एक प्रयोगही सांगितला. 1975 साली स्टीफन वर्चेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी लोकांना बरणीतलं एक बिस्किट चाखायला दिलं. काहींच्या बरणीत दहा बिस्किटं होती, काहींच्या दोनच. दोनवाल्यांना ते बिस्किट जास्त हवंहवंसं वाटलं. आधी दहा होती आणि डोळ्यांदेखत दोन झाली, अशांना तर आणखीच. पण मला यातली पुढची गोष्ट महत्त्वाची वाटते. चव कशी होती असं विचारल्यावर कमी असलेल्या बिस्किटाला कोणी जास्त चवदार म्हटलं नाही. हवंसं वाटणं वाढलं होतं, गोडी तेवढीच राहिली होती.

‘लवकरच जाणार’ हा कप्पा म्हणजे ती दोन बिस्किटांची बरणी. त्यात कुणाचा कावा आहे असं मी म्हणत नाही. सांगितलं नसतं आणि गेम अचानक गेला असता, तर लोक जास्त चिडले असते. पण बरणी तीच.

चौथ्या भेटीला त्या महिन्याची यादी समोर ठेवली. पंधरा तारखेला जाणारे चार गेम, चारही अर्धवट. मी प्रत्येकाबद्दल एकच विचारलं. समज आत्ता निरोप आला की हा कुठेही जात नाही, कायमचा इथेच राहणार. तर आज रात्री हाच लावशील?

पहिला, नाही. दुसरा, “अं... नाही.” तिसऱ्याला तो चक्क म्हणाला, “मुळात मला तो आवडतच नाही.” त्यात त्याचे एकवीस तास गेले होते. चौथ्याला मात्र लगेच हो.

मग व्यवहाराचं बोललो, कारण निम्मी भीती तिथे असते. गेम सेवेतून गेला म्हणजे तुम्ही खेळलेलं पुसलं जात नाही. तुमची सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याची नोंद, खात्यावर राहते आणि पुढे कधी विकत घेतलात तर तिथूनच सुरू होतो. जायच्या आधी घेतला तर सभासदांना बऱ्याचदा सवलत असते. काही गेम परतही येतात. जीटीए 5 हा गेम पासवरून 2020 च्या मेमध्ये गेला, 2021 च्या एप्रिलमध्ये आला, ऑगस्टमध्ये पुन्हा गेला, 2023 मध्ये परत, 2024 च्या जानेवारीत बाहेर, 2025 च्या एप्रिलमध्ये पुन्हा आत. तिन्ही वेळा यानं त्याच्यासाठी रजा टाकली होती. हे सांगताना बायको हसली, तोही हसला. एकत्र हसताना त्यांना मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं.

सगळेच परत येत नाहीत, हेही मी सांगितलं. काही जातात ते जातात.

ठरलं असं: चौथा गेम विकत घ्यायचा, म्हणजे त्याला तारीख उरणार नाही. पहिले तीन अर्धवट सोडायचे; नुसते पडू द्यायचे नाहीत, तर तारखेच्या दोन दिवस आधी स्वतःच्या हातानं काढून टाकायचे. हे त्याला जड गेलं. तेरा तारखेला रात्री अकरा वाजता मेसेज आला: “तिसऱ्याचे फक्त अडीच तास राहिलेत. चालेल का?” मी उत्तर दिलं नाही. सोळाला सकाळी दुसरा आला: “काढले. काहीच झालं नाही. विचित्र वाटतंय.”

गेमचा भाग तसा सोपा होता. अवघड होतं ते खोटं. तिचं म्हणणं स्पष्ट होतं: “तू गेमसाठी राहतोय म्हणाला असतास तर मी भांडले असते आणि गेले असते. मी तिथे तासन्‌तास लोकांना रिलीज समजावत होते.” यावर माझ्याकडे युक्ती नव्हती. दोन भेटी त्यातच गेल्या. शेवटी तो एका रविवारी एकटाच कऱ्हाडला गेला आणि सासऱ्यांना खरं काय ते सांगून आला. सासरे म्हणे एवढंच म्हणाले, “जेवून जा.” मेहुण्यानं मात्र चिडवायचं सोडलेलं नाही.

वर्गणी बंद करू का, असं त्यानं शेवटच्या भेटीत विचारलं. मी म्हटलं, ते तुझं तू ठरव. चालू आहे अजून. पंधरा तारखेला तो कप्पा उघडून पाहतो, हे त्यानं न विचारता कबूल केलं. मी चेहरा सरळ ठेवला.

आणि रेड डेड रिडेम्प्शन 2 त्यानं सेलमध्ये विकत घेतला. 2020 ची सेव्ह तशीच होती, पण ती न उघडता पहिल्यापासून सुरू केला. परवा तिनं फोनवर सांगितलं की तीन महिने झाले, गडी दुसऱ्या प्रकरणातच आहे. नदीवर मासे पकडतो, घोड्याला खरारा करतो. त्या गेममध्ये घोड्याला नाव देता येतं. ते तिनं दिलंय, तिच्या आजोबांच्या बैलाचं, सर्जा. रात्री जेवणं झाली की ती सोफ्यावर टेकते आणि म्हणते, सर्जाला पळवू नकोस रे, आत्ताच खाल्लंय त्यानं.