सुपरहिरोची तंग तुमान

सांगलीच्या एक शिक्षिका स्नेहसंमेलनासाठी मुलांचं नाटुकलं लिहितायत. त्यांनी विचारलंय, सुपरहिरो अंगाला चिकटलेली जी पॅन्ट घालतो तिला मराठीत काय म्हणायचं? 'तंग विजार' चालेल का? आणि ती अंगावर कशी बसते हे सांगायला 'घट्ट'शिवाय दुसरे शब्द आहेत का?

'तंग विजार' चालेल, पण मी 'तंग तुमान' लिहीन. विजार आली 'इजार'वरून, आणि आपल्याकडं खेड्यात अजूनही 'इजार'च म्हणतात. तो शब्द कानावर पडला की नाडीची, पायांत घोळणारी, ढगळ विजारच डोळ्यांपुढं येते. आधी 'तंग' लावलं तरी तिचा सैलपणा जात नाही. सुरवार पोटरीवर तंग, पण वर घोळदार. चुणीदार तर घोट्यापाशी चुण्या पाडण्यासाठीच लांब शिवतात, आणि चुणी पडली की सुपरहिरोचं रूप गेलंच. चोळणा आखूड. तुमान मात्र रोजच्या बोलण्यातून मागं पडलीय, त्यामुळं तिला ठरावीक घेर किंवा काप चिकटलेला नाही. शिवाय 'तंग तुमान' म्हणायला मुलांना मजा येईल.

हे सगळे जुने शब्द शिवणाऱ्याच्या कातरीतून आलेत. कापड ताणत नसे, म्हणून तंगपणा कापात आणावा लागे. सुपरहिरोची तुमान तंग राहते ती धाग्यामुळं. स्पॅन्डेक्स नावाचा हा ताणून पुन्हा जागेवर येणारा धागा ड्यूपॉन्ट कंपनीत जोसेफ शिव्हर्स यांनी 1958 साली तयार केला. सुपरमॅन छापून आला 1938 साली. म्हणजे एकही सुरकुती नसलेली तुमान आधी कागदावर रंगवली गेली, आणि तशी अंगावर बसणारी पुढं वीस वर्षांनी शक्य झाली. सर्कशीतले कसरतपटू त्याआधीही विणीच्या कापडाचे तंग कपडे घालत, पण गुडघ्यापाशी त्यांना झोळ यायचा.

आता 'घट्ट'बद्दल. इथं मराठी फार श्रीमंत आहे, आणि ती श्रीमंती क्रियापदांत आहे. धोतर आपण नेसतो, सदरा घालतो, लंगोट कसतो. ही तुमान मात्र चढवावी लागते, पावलापासून वर ओढत ओढत. नीट चढली की ती 'चापूनचोपून' बसते. हा शब्द लुगड्यासाठी घरोघरी वापरतात, तो इथं जरूर घ्या, कारण त्यात नुसता घट्टपणा नाही, नीटनेटकेपणाही आहे. माप चुकलं तर इलास्टिक कमरेला काचतं, शिवण जांघेत रुतते. काचणं म्हणजे आवळून वळ उठवणं, रुतणं म्हणजे टोचत आत शिरणं. दोन्हींच्या जागी 'टाईट होते' लिहिलं तर वाचणाऱ्याला दुखतंय कुठं ते कळत नाही. आणि बेताची बसली तर? 'अंगाबरोबर'. या शब्दात तक्रारही नाही न् कौतुकही नाही, म्हणून शिंप्याच्या तोंडी तो शोभेल.

वरून घातलेल्या लाल चड्डीचं तुम्ही विचारलं नाहीत, पण नाटुकल्यात ती येणारच. तिला जांघिया म्हणा. कुंडलच्या कुस्तीच्या मैदानात लंगोटावर जांघिया चढवून उतरलेला पैलवान आपल्या मुलांच्या ओळखीचा आहे, आणि सुपरमॅनचा तो पोशाखही सर्कशीतल्या बलदंड पैलवानांवरूनच बेतलेला मानतात. त्यामुळं हा शब्द नुसता सोयीचा नाही, नात्यानंही जवळचा आहे. 2011 मध्ये कॉमिक्सवाल्यांनी सुपरमॅनचा जांघिया काढून टाकला होता, 2018 मध्ये परत दिला. तो नसला की छातीपासून पायापर्यंत सलग निळा रंग दिसतो, कमरेशी नजर कुठं थांबत नाही. शाळेच्या रंगमंचावर तर तो हवाच: मागच्या रांगेतल्यांना लांबून आकृती कळते, आणि तंग तुमानीत लाजणाऱ्या पोरालाही जरा आडोसा मिळतो.

तुमान, चापूनचोपून हे निवेदकाला द्या. पात्रांच्या तोंडी आपली बोली राहू द्या. आजी म्हणेल, "अरं, लई तंग हाय रं ही, मांडीला काचंल की!" आणि नातू उडी मारून दाखवत म्हणेल, "न्हाई गं आज्जी, ताणतीया बघ!"