संभाजीनगरचा फ्लॅट, कॅनडातलं घर आणि दोन कर्जांचा हिशोब

परभणीच्या एका भावाचा प्रश्न थोडक्यात असा: वाळूजला नोकरी आहे, कॅनडाचं पीआर (कायम राहण्याचा परवाना) हातात आलंय, बायको आणि चार वर्षांची मुलगी सोबत येणार. संभाजीनगरात सातारा परिसरात ५० लाखांचा फ्लॅट, त्यावर नुकतंच घेतलेलं ४० लाखांचं कर्ज, २० वर्षांसाठी, साडेआठ टक्क्यांनी. ओळखीचे सांगतात, तिकडे गेल्या गेल्या घर घ्या, भाडं म्हणजे पाण्यात गेलेला पैसा. वडील म्हणतात, इथला फ्लॅट विकू नको. दोन्ही हप्ते झेपतील का?

भाऊ, "झेपेल का" हा बँकेचा प्रश्न आहे. दर महिन्याला हप्ता येतोय ना, एवढंच तिला बघायचं असतं. तुम्ही बघायचं ते वेगळं: हे घर शेवटी मला कितीला पडणार, आणि मधेच सोडावं लागलं तर हातात काय उरणार? हप्त्याच्या आकड्यात हे दिसत नाही, म्हणून सविस्तर लिहितो. मी मूळ लातूरचा, आता टोरंटोच्या बाहेर राहतो. मराठवाड्यातून येणाऱ्या मुलांना हे हिशोब मांडून देताना जे सांगतो, तेच तुम्हाला सांगतोय.

आधी संभाजीनगरचं कर्ज. ४० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं म्हणजे हप्ता ३४,७१३ रुपये. २४० हप्त्यांचे मिळून ८३ लाख ३१ हजार होतात, म्हणजे ४३ लाखांच्या वर नुसतं व्याज. पहिल्या हप्त्यातले २८,३३३ रुपये व्याजाला जातात आणि मुद्दलात पडतात ६,३८०. कारखान्याच्या ऊसबिलातून आधी सोसायटीच्या पीककर्जाची कपात होते आणि उरेल ते शेतकऱ्याच्या हातात पडतं, तसंच हे आहे. पाच वर्षांत तुम्ही २० लाख ८३ हजार भरलेले असतील आणि कर्ज उतरलेलं असेल पावणेपाच लाखांनी. बाकी सव्वापस्तीस लाख तशीच.

कुणी म्हणेल, २० वर्षांनंतरचा रुपया आजच्याइतका जड नसतो, पगार वाढतो आणि हप्ता तोच राहतो. खरं आहे, म्हणून ८३ लाखांच्या आकड्यानं घाबरून जायचं कारण नाही. पण सगळ्यात जास्त व्याज पहिल्या पाच-सात वर्षांत जातं, आणि तो पैसा आजचाच, आजच्या किमतीचा असतो. तुमच्यासारखा माणूस नेमका याच वर्षांत गाव बदलतो, देश बदलतो, घर विकतो.

दुसरी गोष्ट दराची. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक वेळा रेपो दराला (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते तो), जोडलेली असतात. मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ ला तो साडेसहा झाला. पुष्कळांचा हप्ता तेवढाच राहिला म्हणून त्यांना काही झालंय असं वाटलं नाही. बँकेनं मुदत वाढवलेली होती. तुमच्याच कर्जावर दर सुरुवातीला साडेआठचा साडेनऊ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर २४० हप्त्यांचे जवळपास ३०९ होतात. एका टक्क्यानं मुदत साडेपाच वर्षांहून जास्त वाढली, आणि एकूण भरणा एक कोटी सात लाखांवर गेला. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं सांगितलंय की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे ग्राहकाला निवडू द्यावं. परदेशात गेल्यावर बँकेचे ईमेल कुणी नीट वाचत नाही, म्हणून निघण्याआधीच लेखी कळवून ठेवा: दर वाढला तर हप्ता वाढवा, मुदत नको.

याची उलटी बाजूही तेवढीच मोठी आहे. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरायला बँक दंड लावू शकत नाही. वर्षाला फक्त एक हप्ता जादा भरला तरी तुमचं २० वर्षांचं कर्ज साधारण साडेसोळा वर्षांत संपतं आणि आठ लाखांच्या वर व्याज वाचतं. सुरुवातीच्या वर्षांत भरलेल्या जादा पैशाचा फायदा सगळ्यात मोठा.

आता फ्लॅट ठेवायचा की विकायचा. तुम्ही म्हणता, भाडं १३,००० येईल. हप्ता ३४,७१३, वरून सोसायटीचा मेंटेनन्स, उन्हाळ्यात टँकर, मधे भाडेकरू बदलला की महिना-दोन महिने रिकामे. म्हणजे दरमहा २२ हजारांहून जास्त खिशातून घालावे लागणार. ५० लाखांवर वर्षाचं भाडं दीड लाखाच्या आसपास, म्हणजे तीन टक्के, आणि कर्जाचा दर साडेआठ. मधले साडेपाच टक्के फ्लॅटच्या किमतीनं दरवर्षी वाढून भरून काढायला हवेत, तेव्हा कुठे बरोबरी. त्यात तुम्ही अनिवासी झालात की भाडेकरूनं भाड्यातून ३१.२ टक्के टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापायचा आयकर, कापून भरायचा असतो. आपल्याकडच्या किती भाडेकरूंना हे माहीत असतं? तेच भाडं कॅनडाच्या विवरणपत्रातही दाखवावं लागतं. भारतात भरलेल्या कराची वजावट मिळते, पण कागद दोन्हीकडे ठेवावे लागतात.

वडिलांशी बोलताना एक मुद्दा समोर ठेवा. अनिवासी भारतीयाला भारतात फ्लॅट कधीही घेता येतो. शेतजमीन मात्र विकत घेता येत नाही. आधीपासून असलेली ठेवता येते, वारसानं आलेली घेता येते. म्हणजे जपायचीच असेल तर जमीन जपा, कारण ती गेली की अनिवासी असताना पुन्हा विकत मिळणार नाही. फ्लॅट पाच वर्षांनी परत आलात तरी मिळेल. आई-वडील त्यात राहणार असतील, किंवा दोन-चार वर्षांत परतायचं पक्कं असेल, तर ठेवा आणि कर्ज लवकर फेडा. तसं नसेल तर मी विकूनच निघेन. आणि हप्त्याचा काही भार शेतीवर टाकायचा विचार असेल तर तो सोडा. सप्टेंबर २०२५ च्या अतिवृष्टीत मराठवाड्यात सोयाबीनचं काय झालं ते तुम्ही घरात बघितलंय.

विकायचाच असेल तर निवासी असतानाच विकलेला सोपा. अनिवासी झाल्यावर खरेदीदाराला टीडीएस कापावा लागतो. कमी कपातीचं प्रमाणपत्र आधी काढलं नाही तर नफ्याऐवजी पूर्ण किमतीवर कपात होते, आणि परतावा मिळेपर्यंत पैसे अडकतात. ठेवणार असाल तर निघतानाच्या तारखेचं नोंदणीकृत मूल्यांककाकडून मूल्यांकन करून घ्या. कॅनडात निवासी झालात त्या दिवशीची बाजारभावाची किंमत हीच तुमची खरेदी किंमत धरली जाते. पुढे फ्लॅट विकला तर तिथला भांडवली नफा त्यावरून मोजतात.

आता कॅनडा. इथली सगळ्यात मोठी गैरसमजूत अशी, की कर्ज २५ वर्षांचं आहे म्हणजे दर २५ वर्षांचा. तसं नाही. फेड २५ वर्षांत विभागलेली असते, पण करार बहुतेक वेळा पाच वर्षांचा. पाच वर्षांनी त्या वेळचा जो दर असेल त्यानं नवा करार. २०२१ मध्ये ५ लाख डॉलर १.८ टक्क्यांनी घेतलेल्याचा हप्ता २,०७० च्या आसपास होता. पाच वर्षांनी उरलेलं ४ लाख १७ हजारांचं कर्ज ४.३ टक्क्यांनी नूतनीकरण केलं तर हप्ता २,५८५ होतो. कर्ज कमी झालं आणि हप्ता चौथ्या हिश्शानं वाढला.

तुमच्या डोक्यात असलेलं ७ लाख डॉलरचं घर घेऊ. दहा टक्के तुमचे, म्हणजे ७० हजार. वीस टक्क्यांपेक्षा कमी भरलं की कर्ज विमा सक्तीचा, आणि दहा टक्के भरणाऱ्याला तो कर्जाच्या ३.१ टक्के पडतो: १९,५३० डॉलर. हा विमा बँकेला संरक्षण देतो, तुम्हाला नाही. हप्ते थकले तर बँकेचं नुकसान भरून निघतं. ही रक्कम कर्जात मिळवतात म्हणून तिच्यावरही २५ वर्षं व्याज चालतं, आणि साडेचार टक्क्यांनी ती शेवटी ३२ हजारांवर जाते. ओंटारिओत, म्हणजे टोरंटोच्या प्रांतात, या विम्यावर आठ टक्के विक्रीकर आहे, तो रोख द्यावा लागतो.

एकूण कर्ज झालं ६,४९,५३०. साडेचार टक्क्यांनी हप्ता जवळपास ३,५९५ डॉलर. पाच वर्षांत २,१५,७०० भरले, त्यातले १,३६,४०० व्याज, ७९,३०० मुद्दल. आता समजा नोकरीसाठी कॅल्गरीला जायचंय म्हणून पाच वर्षांनी घर त्याच किमतीला विकलं. एजंटांचं कमिशन बहुतेक पाच टक्क्यांच्या आसपास, त्यावर १३ टक्के एचएसटी (इथला विक्रीकर), म्हणजे साडेएकोणचाळीस हजार गेले. पाच वर्षांत फेडलेल्या मुद्दलातला निम्मा भाग एका सहीत संपला. मुदत पुरी व्हायच्या आत विकलं तर करार मोडल्याचा दंड वेगळा. ठरलेल्या दराच्या कर्जावर तो तीन महिन्यांचं व्याज किंवा तुमचा दर आणि त्या वेळचा दर यांतल्या फरकाची रक्कम, यातलं जे जास्त असेल ते. दर उतरलेले असले तर हा आकडा फार मोठा होतो. भारतातल्या बिनदंड फेडीची सवय इथे लागू नाही.

घेतानाही खर्च आहे. ओंटारिओत ७ लाखांच्या घरावर जमीन हस्तांतरण कर १०,४७५ डॉलर, आणि टोरंटो शहराच्या हद्दीत महापालिकेचा कर वेगळा. पहिलं घर घेणाऱ्याला प्रांताच्या करातले ४,००० पर्यंत परत मिळतात, पण अट अशी की जगात कुठेही, कधीही तुमच्या मालकीचं घर असलेलं नसावं. तुमच्या नावावर सातारा परिसरातला फ्लॅट आहे. गावच्या वाड्याच्या ग्रामपंचायतीच्या उताऱ्यावर भावांसोबत नाव लागलंय असेही बरेचजण असतात; त्यांनी वकिलाला आधी विचारावं, सही करून मोकळं होऊ नये. आणि स्वतः राहायच्या घराच्या व्याजावर इथे आयकराची सवलत नाही. भारतातली २ लाखांची वजावट डोक्यात धरून इथला हिशोब करू नका. राहतं घर विकताना होणारा नफा मात्र साधारणपणे करमुक्त असतो, ही खरी मोठी सवलत आहे.

मग भाडं पाण्यात जातं का? जे पैसे परत येणार नाहीत ते दोन्हीकडचे शेजारी-शेजारी मांडा. त्या घराचं पहिल्या वर्षाचं व्याज २८,६०० च्या वर, मालमत्ता कर समजा ५,५००, दुरुस्तीसाठी किमतीच्या एक टक्का म्हणजे ७,००० (छप्पर आणि फर्नेस, म्हणजे घर गरम ठेवणारी भट्टी, बदलायची वेळ आली की हेही अपुरे पडतात), विमा १,५००. झाले साडेबेचाळीस हजारांवर, महिन्याला साधारण ३,५५०. मुद्दल यात धरलेलंच नाही. तेवढंच घर २,९०० भाड्यानं मिळत असेल तर पाण्यात कोणता पैसा जास्त जातोय? भाडं ३,८०० असेल आणि तुम्ही दहा वर्षं हलणार नसाल, तर घर घेणं शहाणपणाचं. उत्तर गावागणिक बदलतं, आकडे तुमच्या गावचे घाला. ओंटारिओत १५ नोव्हेंबर २०१८ च्या आधीपासून वापरात असलेल्या घरांना भाडेवाढीची मर्यादा आहे, २०२५ साठी ती अडीच टक्के होती. भाड्याचं घर बघताना हे विचारा.

माझं मत स्पष्ट आहे: पहिली दोन-तीन वर्षं घर घेऊ नका. पहिली नोकरी टिकते की नाही, मुलीची शाळा कुठे, बायकोला काम कुठल्या शहरात मिळतं, हे ठरायचंय. घर गळ्यात असलं की चांगली नोकरी दुसऱ्या प्रांतात आली तरी माणूस जागचा हलत नाही. ही किंमत कोणत्याच बँकेच्या तक्त्यात लिहिलेली नसते. या काळात जमेल तेवढे पैसे आधी साडेआठ टक्क्यांच्या कर्जात घाला, फ्लॅट ठेवलाच असेल तर. तो विकला असेल तर वीस टक्के रक्कम जमवा, म्हणजे विम्याचा हप्ता वाचेल. आणि इथे घरासाठी अर्ज कराल तेव्हा भारतातलं कर्ज दाखवा, लपवू नका.

निघण्याआधी बँकेत जाऊन बचत खातं एनआरओ (अनिवासी भारतीयाचं रुपयांचं खातं) करून घ्या, हप्त्याची सूचना त्या खात्यावर वळवा. वडिलांच्या नावानं फ्लॅटपुरतं मर्यादित मुखत्यारपत्र दुय्यम निबंधकाकडे नोंदवून ठेवा, कॅनडातून करायचं म्हटलं तर दूतावासाच्या चकरा होतात. आणि कर्ज कधीही फिटलं तरी मूळ कागद मागायला विसरू नका: पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत ते परत द्यायचे असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, आणि बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कागद घ्यायला कोण जाणार, त्याचं नाव आत्ताच बँकेला लिहून द्या.