वाचकांचे प्रश्न : पालापाचोळ्यातले बेडूक

प्रश्न : कोस्टा रिकाच्या जंगलातले जमिनीवरचे काही बेडूक म्हणे पाण्यात अंडी घालतच नाहीत, अंड्यातून थेट बेडूकच निघतो. हे खरं आहे का? (धरमपेठ)

उत्तर : खरं आहे. तिकडचा क्रॉगॅस्टर ब्रॅन्सफर्डी जेमतेम अडीच-तीन सेंटिमीटरचा. अंडी ओल्या पाचोळ्याखाली घालतो, आणि बेडूकमाशाची सगळी अवस्था अंड्याच्या आतच उरकते. त्यासाठी अंड्यात बलक भरपूर लागतो, म्हणून अंडी मोजकीच असतात. या पद्धतीचा अभ्यास जास्त झाला तो पोर्तो रिकोच्या कोकी या त्याच्या दूरच्या भावकीतल्या बेडकावर. कोकीच्या अंड्यातल्या पिल्लाची शेपटी पातळ आणि रक्तवाहिन्यांनी भरलेली असते. ती अंड्याच्या आवरणाला आतून चिकटून श्वास घेते. तीन आठवड्यांच्या आसपास पिल्लू तोंडावरच्या बारीक दातासारख्या टोकाने आवरण फाडून बाहेर येतं. तोवर नर अंड्यांवर बसून ती ओली ठेवतो.

प्रश्न : असा बेडूक नागपुरात काचेच्या पेटीत, कूलरसमोर ठेवून जगेल का? (प्रतापनगर)

उत्तर : नको. या अंड्याला कवच नसतं, पाचोळा वाळला की तेही वाळतं. कोस्टा रिकाच्या ला सेल्वा या जंगलात वर्षाला सुमारे ४,००० मिलिमीटर पाऊस पडतो आणि तो बाराही महिने विभागलेला असतो. आपल्याकडे हजार-अकराशे, तोही बहुतेक जून ते सप्टेंबरात. मे महिन्यात पारा ४५ वर. उन्हाळ्यात कूलरचा झोत पेटीतला पाला सुकवेल आणि जुलैच्या दमट हवेत कूलर गारवाच देणार नाही. शिवाय बाहेरून आणलेल्या बेडकासोबत त्वचेची बुरशी येऊ शकते, ती इथल्या बेडकांना लागू शकते. थेट बेडूक होणारी जात पाहायचीच असेल तर पावसाळ्यात आंबोली गाठा. तिथल्या झुडपी बेडकाचं नावच अंबोली, २००९ साली ठेवलेलं.

प्रश्न : गच्चीवरच्या बंद कूलरच्या टाकीत पावसाचं पाणी साचलं. त्यावर साबुदाण्यासारखे पारदर्शक दाणे तरंगत होते, आता काचेसारखी पिल्लं दिसतात. डेंग्यूच्या भीतीने पाणी ओतून द्यावं का? (मनीषनगर)

उत्तर : ओतू नका, पिल्लं टबात हलवा. वर्णनावरून हा मायक्रोहायला नावाचा छोटा बेडूक : तपकिरी, टोकदार तोंडाचा, पाठीवर गडद नक्षी. नराचा आवाज कंगव्याच्या दातांवरून नख फिरवल्यासारखा. (टाकीच्या कडेला पांढरा फेस चिकटला असेल तर तो झाडबेडकाचा, वेगळा.) नागपूरच्या या बेडकाला पाणी आटायच्या आत उरकायची घाई असते : अंडी शेकड्यांनी आणि साधारण दिवसाभरात फुटतात, महिन्याभरात पाय फुटून बेडूक बाहेर.

रुंद टबात टाकीतलंच निम्मं पाणी घ्या, उरलेलं नळाचं. पण ते २४ तास उघड्या बादलीत ठेवलेलं, म्हणजे क्लोरीन उडून जातं. खोली १०-१५ सेंटिमीटर पुरे. अर्धी सावली हवी, नाहीतर दुपारच्या उन्हात पाणी तापतं. ही पिल्लं पाण्यातलं बारीक शेवाळ गाळून खातात, त्यामुळे हिरवट पाणी असू द्या. पोळी-भात टाकला की पाणी सडतं, रात्रीतून ऑक्सिजन संपतो आणि सकाळी सगळी उलटी तरंगताना दिसतात.

डासांबद्दल भ्रम नको : हे बेडूकमासे डासांच्या अळ्या खात नाहीत. टबावर बारीक जाळी ताणून बांधा आणि अळ्या चहाच्या गाळणीने दर तिसऱ्या दिवशी काढा. अळ्या पृष्ठभागाला लटकतात, बेडूकमासे बहुधा मधल्या पाण्यात तरंगतात, म्हणून हे जमतं. गाळणीत पिल्लू आलंच तर लगेच परत सोडा. तेल किंवा कीटकनाशक नको, गप्पी मासेही नकोत. ते पिल्लंही फस्त करतात. रिकामी टाकी मात्र घासूनच ठेवा, डेंग्यूच्या डासाची अंडी कडेला चिकटून राहतात.

बहुतेकांचं चुकतं ते शेवटी. मागचे पाय आधी येतात, तेव्हा काही करू नका. पुढचे पाय फुटले की पिल्लू फुप्फुसांनी श्वास घेऊ लागतं. टबाच्या उभ्या कडेवर चढता आलं नाही तर ते बुडून मरतं. तेव्हा पाण्यातून बाहेर येणारी तिरकी वीट ठेवा, जाळी एका बाजूने उचला.

प्रश्न : पिल्लं कुठे सोडावीत? फुटाळा तलावात चालेल का? (मनीषनगर, तेच पत्र)

उत्तर : तलावात मासे आहेत. घरच्याच आवारात, कुंड्यांमागे आठ-दहा सेंटिमीटर पालापाचोळा राहू द्या आणि तिथेच ओल्या हाताने सोडा. मायक्रोहायलाचं मुख्य खाणं मुंग्या आणि वाळवी, त्यामुळे त्या कोपऱ्यात मुंग्यांची पावडर टाकू नका.