भाच्याच्या पासपोर्टवरचा ‘ईसीआर’

प्रश्न : माझा भाचा दहावी नापास. सुतारकामासाठी कुवेतला निघालाय. पासपोर्ट ‘ईसीआर’ आहे, म्हणजे काही देशांत नोकरीला जाण्याआधी सरकारी मंजुरी लागणारा. एजंट म्हणतो, परवानगीच्या भानगडीत पडू नका, व्हिजिट व्हिसावर पाठवतो. अमेरिकेतल्यांसाठी सरकार सोहळे भरवतं आणि आमच्या पोरांना अडवतं, असं का?
– एक वाचक, खेड (जि. रत्नागिरी)

उत्तर : आधी भाच्याचं. व्हिजिट व्हिसावर त्याला अजिबात पाठवू नका. १९८३च्या कायद्यानुसार दहावी न झालेल्या कामगाराला कुवेतसह १८ देशांत नोकरीसाठी जायला सरकारी मंजुरी लागते. त्या निमित्ताने मालकाचं नाव, पगार आणि करार ‘ई-मायग्रेट’ या सरकारी पोर्टलवर नोंदले जातात, अपघाती मृत्यू किंवा कायमचं अपंगत्व यासाठी १० लाखांचा विमा उतरवावा लागतो. व्हिजिट व्हिसावर गेलेल्या पोराची अशी नोंदच नसते. पगार थकला तर दूतावासात काय दाखवणार? एजंटचा परवाना क्रमांकही ‘ई-मायग्रेट’वरच तपासा. सेवाशुल्क म्हणून ३०,००० रुपये आणि जीएसटी यापेक्षा जास्त मागायचा त्याला अधिकार नाही.

आता सोहळ्यांचं. स्थलांतराची अभ्यासक म्हणून सांगते, तुमचा राग रास्त आहे. १९९८च्या अणुचाचण्यांनंतर निर्बंध आले तेव्हा स्टेट बँकेच्या ‘रिसर्जंट इंडिया बाँड’ या रोख्यांत परदेशस्थ भारतीयांनी चार अब्ज डॉलरहून जास्त रक्कम गुंतवली. त्यानंतर सन २००० मध्ये परदेशस्थ भारतीयांविषयीची सिंघवी समिती नेमली गेली, ९ जानेवारी २००३ला त्यांच्यासाठीचा सरकारी सोहळा, पहिला प्रवासी भारतीय दिवस झाला, २००५ मध्ये ओसीआय (भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांसाठीचं कार्ड) आलं. ओसीआय मिळतं ते परदेशी नागरिकत्व घेतलेल्यांना. आखातात सुताराला नागरिकत्व कोण देतो? वीस वर्षं राबला तरी तो भारतीयच राहतो. त्याचेही पैसे दरमहा येतात, पण गावच्या बँकेत, थोडेथोडे. त्याचा सोहळा होत नाही.

मला सर्वात खुपतं ते मतदान. निवडणूक कायद्यातल्या २०१०च्या दुरुस्तीने भाच्याला कुवेतमधून मतदार म्हणून नाव नोंदवता येईल, पण मत द्यायला खेडच्या केंद्रावरच यावं लागेल. २०२४च्या लोकसभेला अशा सुमारे १ लाख १९ हजार नोंदणीकृत मतदारांपैकी तीन हजारही मतदान करू शकले नाहीत, आणि जे आले त्यांत बहुतेक केरळचे. फिलिपिन्सने २००३ मध्येच आपल्या कामगारांना परदेशातून मतदानाचा हक्क दिला. कोकणच्या उमेदवारांना हा प्रश्न विचारायला हवा, आणि तो तुमच्यासारख्या घरांतूनच जायला हवा.