सांगोला मतदारसंघाचा इतिहास म्हणजे फक्त गणपतराव देशमुख का?

तुम्ही विचारलंय की सांगोला म्हटलं की एक तर '११ वेळा आमदार' आठवतं, नाही तर 'काय झाडी, काय डोंगार'. यापलीकडे या मतदारसंघाला काही इतिहास आहे का? मी त्याच तालुक्यात वाढलो. माझं उत्तर असं की आबासाहेबांच्या, म्हणजे गणपतराव देशमुखांच्या, ११ विजयांपेक्षा त्यांच्या दोन पराभवांतून सांगोला जास्त कळतो.

आधी थोडी जागेची ओळख. सोलापूर जिल्ह्यातला हा २५३ क्रमांकाचा मतदारसंघ. पूर्ण सांगोला तालुका आणि पंढरपूर तालुक्यातलं भाळवणी मंडळ यात येतं, लोकसभेला तो माढ्यात मोडतो. माण नदी तालुक्यातून जाते, पण वर्षातले बरेच महिने तिच्या पात्रात वाळूच दिसते. डाळिंबानं इथल्या माळरानाला पैसा दाखवला, तोही विहिरीला पाणी असेल तोवरच. त्यामुळे इथे उमेदवार कुठल्याही पक्षाचा असो, गावात आला की पहिला प्रश्न पाण्याचाच असतो.

महाराष्ट्र राज्य झाल्यावरची पहिली विधानसभा निवडणूक १९६२ ची. त्यात शेतकरी कामगार पक्षाचे (शेकाप) गणपतराव देशमुख सांगोल्यातून निवडून आले. ते मूळचे मोहोळ तालुक्यातल्या पेनूरचे, शिक्षणानं वकील. राज्यभर काँग्रेसचा जोर असताना इथे शेकापला जागा मिळाली आणि १९६७ ला ती टिकलीही.

मग १९७२ आलं. बांगलादेश युद्धानंतरची इंदिरा गांधींची लाट होती, काँग्रेसनं राज्यात २७० पैकी २२२ जागा घेतल्या. सांगोल्यातही काँग्रेसचे काकासाहेब साळुंखे-पाटील जिंकले आणि दोन वेळचा आमदार घरी बसला. त्यानंतर लगेच महाराष्ट्राच्या आठवणीतला तो मोठा दुष्काळ पडला. काकासाहेबांचं निधन झाल्यामुळे १९७४ ला पोटनिवडणूक लागली आणि आबासाहेब परत आले. मधल्या दोन वर्षांत काय बदललं, यावर आमच्याकडे जुनी माणसं अजून वाद घालतात. मला वाटतं, पद नसताना कोण गावात येत राहतं हे लोकांनी त्या दुष्काळात जवळून पाहिलं.

त्यापुढे १९७८, १९८०, १९८५, १९९० असे सलग विजय. १९७८ ला शरद पवारांच्या पुलोद (पुरोगामी लोकशाही दल) आघाडी सरकारात ते मंत्रीही झाले. पण बहुतेक काळ त्यांनी विरोधी बाकांवरच काढला आणि प्रवास एसटीनं केला. हे आता कौतुकानं सांगितलं जातं, पण तेव्हा त्याचा अर्थ साधा होता: आमदार एसटीत भेटायचा, तिथेच अर्ज देता यायचा.

दुसरा पराभव १९९५ चा. राज्यात काँग्रेसची सत्ता जाऊन शिवसेना-भाजप युतीचं सरकार येत होतं आणि सांगोल्यात मात्र काँग्रेसचे तरुण उमेदवार शहाजीबापू पाटील जिंकले. फरक फक्त १९२ मतांचा. मी तेव्हा शाळेत होतो. आमच्या वाडीत तो आकडा कितीतरी दिवस हिशेबासारखा मांडला जात होता: अमक्याच्या घरची चार मतं लग्नाला गेली होती, तमक्याची दोन मुंबईला होती. मताला वजन असतं हे मी नागरिकशास्त्राच्या पुस्तकाआधी तिथे शिकलो.

१९९९ ला आबासाहेब पुन्हा निवडून आले, विलासराव देशमुखांच्या मंत्रिमंडळात गेले, आणि मग २००४, २००९, २०१४ असे जिंकत राहिले. १९६२ पासून मोजलं तर पराभवाची वर्षं वगळून साधारण पन्नास वर्षं ही जागा त्यांच्याकडे होती. इथे एक दुरुस्ती करतो, कारण चुकीची माहिती फार फिरते. एकाच मतदारसंघातून ११ वेळा हा देशातला विक्रम नाही. केरळात पाला मतदारसंघातून के. एम. मणी १३ वेळा आणि पुथुप्पल्लीतून ओमन चंडी १२ वेळा निवडून आले. करुणानिधीही १३ वेळा आमदार झाले, पण त्यांचे मतदारसंघ बदलत गेले. यानं आबासाहेबांची उंची कणभरही कमी होत नाही.

त्यांच्या कामाबद्दल विचाराल तर मी पाणी परिषदेचं नाव आधी घेईन. १९९३ ला आटपाडीत नागनाथअण्णा नायकवडींनी दुष्काळी तालुक्यांची जी चळवळ उभी केली, तिच्यात ते पहिल्यापासून होते. सातारा, सांगली आणि सोलापूरच्या १३ दुष्काळी तालुक्यांना कृष्णेचं पाणी मिळावं ही मागणी. टेंभू आणि म्हैसाळ या उपसा सिंचन योजनांच्या पाण्याची इतकी वाट पाहिली गेली की एक पिढी संपली. सांगोल्यातली सहकारी सूतगिरणीही त्यांचीच उभारणी.

२०१९ ला वयामुळे ते उभे राहिले नाहीत. पक्षानं आधी दुसऱ्याला दिलेली उमेदवारी बदलून नातू डॉ. अनिकेत यांना दिली, आणि शिवसेनेत गेलेले शहाजीबापू ७६८ मतांनी जिंकले. दोन्ही वेळा बापूंचा विजय हजाराच्या आत आहे, म्हणून सांगोल्याला कुणाचा तरी बालेकिल्ला म्हणणं मला पटत नाही. ३० जुलै २०२१ ला आबासाहेब गेले. जून २०२२ मध्ये एकनाथ शिंदेंच्या बंडावेळी गुवाहाटीहून बापूंचा तो 'काय झाडी, काय डोंगार'वाला फोन गाजला आणि सांगोल्याबाहेरच्या लोकांना आमची ओळख त्यावरून व्हायला लागली. त्याचं मला वाईट वाटतं. बापू वर्षानुवर्षं आबासाहेबांशी लढत आले, पराभव पचवून पुन्हा उभे राहिले. त्यांचं राजकारणही त्या एका वाक्यापेक्षा बरंच मोठं आहे.

२०२४ ला महाविकास आघाडीनं शेकापला ही जागा सोडली नाही आणि तिरंगी लढत झाली. १९९५ ला आबासाहेबांना हरवणारे शहाजीबापू शिंदेंच्या शिवसेनेकडून, १९७२ ला हरवणाऱ्या काकासाहेबांचे चिरंजीव दीपकआबा साळुंखे ठाकरेंच्या शिवसेनेकडून, आणि शेकापकडून आबासाहेबांचे दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख. साठ वर्षांचा इतिहास एकाच मतदान यंत्रावर होता. राज्यात महायुतीची लाट असताना बाबासाहेब सुमारे २५ हजार मतांनी निवडून आले. आज विधानसभेत शेकापचे ते एकटेच आमदार आहेत.